अराज्यवादाचा पराभव आणि त्याचा प्रश्न

दरवर्षी १ मे रोजी महाराष्ट्रातील शाळा आणि सरकारी कचेऱ्या बंद असतात. मुंबईत शिवाजी पार्कवर पोलीस दलाचे संचलन होते आणि राज्यपाल मानवंदना स्वीकारतात. कारण १९६० साली याच दिवशी महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले. त्याच दिवशी कामगार संघटना लाल झेंडे घेऊन मोर्चे काढतात. कारण जगभर हा कामगार दिन आहे. एकाच सुटीची ही दोन्ही कारणे सर्वांना ठाऊक असतात. परंतु दुसऱ्या कारणाचा उगम ज्या माणसांपाशी जाऊन पोहोचतो, त्यांना राज्य नावाची संस्थाच मान्य नव्हती, हे सहसा कोणाच्या ध्यानी येत नाही. राज्याचा वाढदिवस आणि राज्यसंस्था नाकारणाऱ्यांचा स्मृतिदिन एकाच तारखेला यावेत, हा इतिहासाने केलेला विनोदच म्हटला पाहिजे.

१ मे १८८६ रोजी आठ तासांच्या दिवसासाठी अमेरिकेत लाखो कामगारांनी संप पुकारला. शिकागो हे त्या चळवळीचे केंद्र होते आणि तेथील पुढाऱ्यांत अराज्यवाद्यांचा भरणा होता. ३ मे रोजी मॅकॉर्मिक कारखान्यापाशी पोलिसांनी गोळीबार केला. त्याच्या निषेधार्थ ४ मेच्या रात्री हेमार्केट भागात सभा भरली. सभा संपत आली असताना पोलीस ती उधळण्यास आले, कोणीतरी बाँब फेकला आणि त्यानंतर जी धुमश्चक्री झाली तीत पोलीस आणि कामगार दोन्ही बाजूंची माणसे मेली. बाँब कोणी फेकला याचा निर्णय आजतागायत लागलेला नाही. तरीही आठ अराज्यवाद्यांवर खटला चालला. त्यांच्यापैकी कोणाच्या हातून बाँब सुटला हे सिद्ध करण्याची आवश्यकता न्यायालयाला भासली नाही. त्यांची भाषणे आणि लेख पुरेसे ठरले. ११ नोव्हेंबर १८८७ रोजी ऑगस्ट स्पाइज, अल्बर्ट पार्सन्स, ॲडॉल्फ फिशर आणि जॉर्ज एंगेल हे चौघे फासावर गेले. पाचव्याने आदल्या दिवशीच कोठडीत स्वतःचा शेवट करून घेतला होता. १८९३ साली इलिनॉयचे गव्हर्नर जॉन आल्टगेल्ड यांनी उरलेल्या तिघांना मुक्त केले आणि खटला न्यायाने चालला नव्हता, असे जाहीरपणे नमूद केले. दरम्यान १८८९ साली पॅरिस येथील आंतरराष्ट्रीय समाजवादी परिषदेने आठ तासांच्या मागणीसाठी १ मे हा दिवस मुक्रर केला होता.

ज्याचे काम आज ठरावीक तासांनी संपते असा प्रत्येक नोकरदार या चौघांचा काही अंशी ऋणी आहे. ज्या विचारापायी ते गेले तो विचार मात्र जवळजवळ सर्वत्र पराभूत झाला. तो का पराभूत झाला आणि पराभवानंतर त्यातले काही शिल्लक उरले काय, याचा शोध घेणे म्हणजे केवळ जुन्या इतिहासाची उजळणी नव्हे. सत्तेचा अधिकार कोठून येतो आणि तो कोठे थांबावा, हा प्रश्न ज्या समाजात रोज उपस्थित होतो, त्या समाजाच्या दृष्टीने हा शोध निकडीचा आहे.

शब्दाची बदनामी

मराठीत ‘अराजक’ हा शब्द दंगल, लूट आणि बेबंदशाही यांचा समानार्थी झाला आहे. विरोधी पक्ष राज्यात अराजक माजल्याचे सांगतात आणि सत्ताधारी पक्ष विरोधकांनाच अराजक माजवायचे आहे असा प्रत्यारोप करतात. ब्रिटिश अमदानीत हा शब्द कायद्याच्या मथळ्यात जाऊन बसला. ज्याला सारा देश रौलट कायदा म्हणून ओळखतो, त्या १९१९ च्या कायद्याच्या अधिकृत नावातच अराजकीय आणि क्रांतिकारक गुन्ह्यांचा उल्लेख होता. परकीय सत्ता उलथून स्वतःचे राज्य स्थापू पाहणाऱ्या देशभक्तांना अराज्यवादाशी काही कर्तव्य नव्हते. परंतु सरकारला एक भीतिदायक शब्द हवा होता आणि तो त्याला मिळाला. २०१४ च्या जानेवारीत दिल्लीचे तत्कालीन मुख्यमंत्री अरविंद केजरीवाल यांनी धरणे धरले असता, होय, आपण अराजकवादी आहोत, असे सांगून टाकले. आणि त्याच आठवड्यात प्रजासत्ताक दिनाच्या पूर्वसंध्येला राष्ट्रपती प्रणव मुखर्जी यांनी लोकानुनयी अराजक हा राज्यकारभाराला पर्याय होऊ शकत नाही, अशी समज दिली. या वादातही अराज्यवाद नावाचे काही तत्त्वज्ञान आहे, याची दखल कोणी घेतली नाही.

प्रश्न भारतीय विचाराला अपरिचित होता असे नाही. महाभारताच्या शांतिपर्वात भीष्म युधिष्ठिराला सांगतात की, प्रारंभी राजसत्ता आणि शिक्षा यांवाचून माणसे परस्परांना सांभाळून राहत असत. पुढे मोह आणि लोभ शिरले, तेव्हा राजाची गरज उत्पन्न झाली. त्याच पर्वात, जेथे राजा नाही तेथे मोठा मासा लहान माशाला गिळतो, ही भीतीही बोलून दाखवलेली आहे. राज्यशास्त्रातील एका मोठ्या वादाची दोन्ही टोके येथे एकत्र नांदतात. माणूस स्वभावतः सहकार्यशील आहे आणि सत्तेने त्याला बिघडवले, असे एक टोक म्हणते. माणूस स्वभावतः हिंस्र आहे आणि सत्तेनेच त्याला आवरले, असे दुसरे म्हणते.

अराज्यवादी पहिल्या टोकाकडचे. तथापि त्यांच्या विचाराचा गाभा माणसाच्या चांगुलपणावरील भाबड्या श्रद्धेत नाही. एका माणसाने दुसऱ्यावर सत्ता चालवणे ही गोष्ट आपोआप योग्य ठरत नाही. जो सत्ता चालवू पाहतो त्याने तिचे समर्थन केले पाहिजे, असे हा विचार सांगतो. ज्याच्यावर सत्ता चालते त्याला आपल्या स्वातंत्र्याचा दाखला देण्याचे कारण नाही. समर्थन करता आले नाही तर ती सत्ता जावी, मग ती राजाची असो, मालकाची असो, धर्मगुरूची असो की घरातल्या कर्त्या पुरुषाची असो. नियमच नसावेत, असे अराज्यवाद म्हणत नाही. ज्यांनी नियम पाळायचे त्यांनीच ते परस्परांच्या संमतीने ठरवावेत, एवढी त्याची मागणी आहे. ती ऐकायला साधी आणि आचरायला महाकठीण आहे.

खरे ठरलेले भाकीत

या विचाराची पहिली पद्धतशीर मांडणी इंग्लंडमध्ये विल्यम गॉडविन याने १७९३ साली केली. स्वतःला अराज्यवादी म्हणवून घेणारा पहिला माणूस म्हणजे फ्रान्समधील प्येर-जोझेफ प्रूदाँ. छापखान्यात खिळे जुळवणारा हा स्वयंशिक्षित कामगार १८४० साली मालमत्तेवर पुस्तक लिहून मोकळा झाला, आणि दुसऱ्याच्या श्रमावर जगणारी मालमत्ता व चोरी यांत आपल्याला फरक दिसत नाही, असे त्याने सांगून टाकले. सरकार नको आणि भांडवलदारही नको; उत्पादकांनी परस्परांशी करार करून व्यवहार चालवावेत, ही त्याची कल्पना होती.

चळवळीला वादळी रूप दिले ते मिखाईल बाकुनिन या रशियन सरदारपुत्राने. १८४९ च्या ड्रेस्डेनच्या उठावात तो लढला, पकडला गेला, झारच्या किल्ल्यात डांबला गेला, सायबेरियात हद्दपार झाला आणि १८६१ साली तेथून निसटून जपान व अमेरिकेमार्गे लंडनला पोहोचला. पुढे कामगारांच्या पहिल्या आंतरराष्ट्रीय संघटनेत त्याची गाठ कार्ल मार्क्सशी पडली. दोघांनाही भांडवलशाही नष्ट करावयाची होती. वाद होता तो पुढच्या पायरीविषयी. कामगारवर्गाने प्रथम राज्ययंत्र ताब्यात घ्यावे, वर्ग नष्ट झाले की राज्याचे कारण उरणार नाही, असे मार्क्सच्या बाजूचे म्हणणे होते. बाकुनिनने त्यावर असा आक्षेप घेतला की, कामगारांच्या नावाने राज्ययंत्र हाती घेतले तरी ते चालवणारे थोडेच असणार. काल जे कामगार होते ते खुर्चीवर बसताच कामगार राहणार नाहीत. आणि आपल्यालाच शास्त्र कळले आहे असे मानणारी ही मंडळी जुन्या राजांपेक्षा अधिक जाचक ठरतील. १८७२ साली हेग येथील अधिवेशनात बाकुनिनला संघटनेतून काढून टाकण्यात आले. युरोपातील डाव्या चळवळीतील ही दुफळी पुढे कधीच सांधली गेली नाही.

बाकुनिन स्वतः या कसोटीला उतरत नव्हता, हेही सांगितले पाहिजे. जगातील सर्व सत्ता मोडू पाहणाऱ्या या माणसाला गुप्त मंडळे स्थापून त्यांची सूत्रे आपल्या हाती ठेवण्याचा मोह आवरला नाही. नेचायेव्ह नावाच्या ज्या तरुणाच्या तो काही काळ भजनी लागला होता, त्याने १८६९ साली आपल्याच गटातील एका विद्यार्थ्याचा खून घडवून आणला. दोस्तोयेव्हस्कीच्या एका गाजलेल्या कादंबरीला या प्रकरणाने बीज पुरवले. सत्तेचे विष फक्त राजवाड्यातच असते असे नाही, याचा हा पुरावा होता. तो चळवळीने वेळीच ओळखला नाही.

भाकीत मात्र खरे ठरले आणि त्याची किंमत रशियातील अराज्यवाद्यांनी मोजली. प्योत्र क्रपोटकिन हा जन्माने राजपुत्र, पेशाने भूगोलतज्ज्ञ. जीवसृष्टीच्या उत्क्रांतीत स्पर्धेइतकाच परस्पर साहाय्याचा वाटा आहे, हे त्याने १९०२ च्या आपल्या ग्रंथात सायबेरियातील निरीक्षणांच्या आधारे मांडले. चार दशके परदेशात काढून १९१७ साली तो मायदेशी परतला. लेनिनशी त्याची भेट झाली, पत्रव्यवहारही झाला. सरकार निरपराध माणसांना ओलीस धरते याचा निषेध त्याने १९२० साली लेनिनला पत्र लिहून केला. फेब्रुवारी १९२१ मध्ये तो वारला. अंत्ययात्रेसाठी तुरुंगातील काही अराज्यवाद्यांना एका दिवसापुरते सोडण्यात आले, आणि हजारो लोक मॉस्कोच्या थंडीत शवपेटीमागून चालले. काळे झेंडे घेऊन निघालेली त्या राजवटीतील ती अखेरची मोठी मिरवणूक होय. पुढच्याच महिन्यात क्रोनश्टाट येथील नौसैनिकांनी सोव्हिएतांच्या खुल्या निवडणुका आणि कामगार-शेतकऱ्यांना भाषणस्वातंत्र्य मागितले. ते सारे अराज्यवादी नव्हते, परंतु त्यांची मागणी त्याच जातीची होती. लाल सेनेने गोठलेल्या समुद्रावरून चाल करून तो उठाव चिरडला. उठाव संपला तो दिवस होता १८ मार्च. म्हणजे पॅरिस कम्यूनचा पन्नासावा वाढदिवस. कामगारांच्या पहिल्या सत्तेचा उत्सव आणि कामगारांच्या उठावाचा अंत बोल्शेविकांनी एकाच दिवशी साजरा केला. आज क्रपोटकिनचे नाव मॉस्कोतील भुयारी रेल्वेच्या एका स्थानकाला आहे. सरकारे आपल्या टीकाकारांना मरणोत्तर असाच मान देत असतात.

बाँब आणि शाळा

तथापि अराज्यवादाचा सारा पराभव शत्रूंनीच केला, असे म्हणणे इतिहासाला धरून होणार नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस चळवळीतील एका प्रवाहाने असे मानले की, एका राजाचा वध लाखो पत्रकांपेक्षा अधिक प्रचार करतो. १८९४ साली फ्रान्सचे अध्यक्ष सादी कार्नो, १८९७ साली स्पेनचे पंतप्रधान कानोव्हास, १८९८ साली ऑस्ट्रियाची सम्राज्ञी एलिझाबेथ, १९०० साली इटलीचा राजा उंबेर्तो आणि १९०१ साली अमेरिकेचे अध्यक्ष मॅकिन्ली अराज्यवादी म्हणवणाऱ्यांच्या हातून मारले गेले. एकाही देशातील राज्ययंत्र त्यामुळे सैल झाले नाही. उलट पोलिसांचे अधिकार वाढले, देशोदेशींचे पोलीस एकमेकांना माहिती पुरवू लागले आणि १९०३ साली अमेरिकेने अराज्यवाद्यांना देशात प्रवेश नाकारणारा कायदा केला. राज्य नष्ट करू निघालेल्यांनीच राज्याच्या हाती नवी हत्यारे दिली. मुख्य म्हणजे ज्या तत्त्वज्ञानाने, माणसावर सत्ता चालवायला समर्थन लागते असे म्हटले, त्याच्या नावाने माणसावरची सर्वांत अंतिम सत्ता, म्हणजे त्याचे आयुष्य संपवण्याची सत्ता, कोणालाही न विचारता वापरली गेली.

त्याच काळात त्याच चळवळीतील दुसरा प्रवाह शाळा काढीत होता. फ्रान्सिस्को फेरेर याने १९०१ साली बार्सिलोनात आधुनिक शाळा स्थापली. तेथे मुले-मुली एकत्र शिकत. श्रीमंतांची आणि कामगारांची मुले शेजारी बसत. परीक्षा, बक्षिसे आणि शिक्षा यांना फाटा दिलेला होता. आणि धर्मपीठाच्या पाठांऐवजी निसर्गविज्ञान शिकवले जाई. १९०९ साली बार्सिलोनात सक्तीच्या सैन्यभरतीविरुद्ध दंगे उसळले, तेव्हा त्यांचा सूत्रधार म्हणून फेरेरला लष्करी न्यायालयापुढे उभे करून गोळ्या घालण्यात आल्या. पुरावा तकलादू होता. युरोपभर निषेध झाला. एका शाळामास्तराची सरकारला इतकी धास्ती वाटावी, यातच त्या शाळेचे महत्त्व आले. आज्ञापालनाचा पहिला धडा माणूस वर्गात शिकतो, हे फेरेरने ओळखले होते. त्याला मारणाऱ्यांनीही ते ओळखले होते.

सत्ता दारात आली तेव्हा

अराज्यवादाची खरी परीक्षा स्पेनमध्येच झाली. तेथे हा विचार मूठभर बुद्धिमंतांपुरता राहिला नव्हता. आंदालुसियातील भूमिहीन मजूर आणि कॅटलोनियातील गिरणी कामगार यांच्यात तो १८६८ पासून रुजत गेला होता. १९१० साली बार्सिलोनात सीएनटी ही कामगार संघटना उभी राहिली. १९१९ साली वीज कंपनीतील संपाने तिने बार्सिलोना अंधारात बुडवले, आणि त्याच वर्षी स्पेनच्या सरकारने आठ तासांच्या दिवसाचा हुकूम काढला. शिकागोच्या चौघांची मागणी येथे त्यांच्याच विचाराच्या संघटनेने पदरात पाडून घेतली.

जुलै १९३६ मध्ये फ्रँकोसह सेनापतींनी लोकशाही सरकारविरुद्ध बंड केले. १९ जुलैला बार्सिलोनाच्या रस्त्यांवर सीएनटीच्या कामगारांनी आणि सरकारशी एकनिष्ठ राहिलेल्या पोलिसांनी ते मोडून काढले. दुसऱ्या दिवशी कॅटलोनियाचे अध्यक्ष लुईस कोम्पानिस यांनी अराज्यवादी पुढाऱ्यांना बोलावून घेतले आणि शहर आता तुमच्याच हाती आहे, असे सांगितले. आयुष्यभर जिला निषिद्ध मानले ती सत्ता दारात येऊन उभी राहिली. ती घ्यावी तर अराज्यवाद्यांची हुकूमशाही होणार. न घ्यावी तर जुने सरकार जिवंत राहणार. त्यांनी जुने सरकार ठेवले आणि त्याच्या शेजारी स्वतःची समिती बसवली.

यानंतरचे काही महिने अभ्यासण्याजोगे आहेत. बार्सिलोनातील ट्राम कामगारांनी काही दिवसांतच गाड्या सुरू केल्या. कारखाने, उपाहारगृहे, नाट्यगृहे कामगार समित्यांनी चालवली. आरागॉनच्या खेड्यांत जमिनी एकत्र करून कसल्या गेल्या, आणि काही गावांनी पैशाऐवजी कूपने काढली. डिसेंबरमध्ये तेथे पोहोचलेल्या जॉर्ज ऑर्वेलला वाढपी गिऱ्हाइकाच्या डोळ्याला डोळा भिडवून बोलताना दिसला. हे चित्र खरे आहे. परंतु काही गावांत शेतकरी आपखुशीने एकत्र आले आणि काही गावांत बंदुका घेतलेल्या तुकड्यांच्या धाकाने आले, हेही खरे आहे. यादवीच्या काळात प्रजासत्ताकाच्या प्रदेशात जवळजवळ सात हजार धर्मोपदेशक व जोगिणी मारल्या गेल्या आणि त्या रक्तात अराज्यवाद्यांचेही हात माखलेले होते, हे झाकण्यात अर्थ नाही.

नोव्हेंबर १९३६ मध्ये युद्धाच्या रेट्याखाली सीएनटीचे चार पुढारी माद्रिदच्या सरकारात मंत्री झाले. आयुष्याची अनेक वर्षे तुरुंगात काढलेले गार्सिया ओलिव्हर न्यायमंत्री झाले, आणि फेदेरिका मोंतसेनी आरोग्यमंत्री, स्पेनच्या पहिल्या महिला मंत्री. मे १९३७ मध्ये सरकारी पोलिसांनी सीएनटीच्या ताब्यातील टेलिफोन केंद्र घेण्याचा प्रयत्न केला, तेव्हा बार्सिलोनात पुन्हा रस्त्यांवर गोळ्या चालल्या. या वेळी फॅसिझमविरुद्ध एकत्र लढणाऱ्यांतच. अराज्यवादी मंत्र्यांनी रेडिओवरून आपल्याच कामगारांना शस्त्रे खाली ठेवण्याचे आवाहन केले. त्या उन्हाळ्यात आरागॉनची सामूहिक व्यवस्था कम्युनिस्ट सेनापतीच्या फौजांनी मोडली आणि १९३९ मध्ये फ्रँकोने उरलेले सारे संपवले.

स्पेनचा धडा दुहेरी आहे. मालकावाचून ट्राम चालते, हे तेथे सिद्ध झाले. सैन्यावाचून सैन्याशी लढता येत नाही, हेही सिद्ध झाले. रुळांची दुरुस्ती, धान्याचे वाटप, युद्धाची आखणी यांसाठी दूरवरच्या, परस्परांना न ओळखणाऱ्या माणसांना एका निर्णयाने बांधावे लागते. संमतीने ते बांधावयाचे कसे, याचे उत्तर अराज्यवादाने गाव आणि कारखाना यांच्यापुरते शोधले. देशापुरते त्याला ते सापडले नाही. २०११ साली न्यूयॉर्कमधील वॉल स्ट्रीटजवळच्या उद्यानात विषमतेविरुद्ध तळ ठोकून बसलेल्या तरुणांनी नेता न नेमता, सर्वसंमतीने निर्णय घेण्याचा प्रयोग केला. दोन महिन्यांत पोलिसांनी तळ उठवला, आणि त्यामागे टिकाऊ संघटना उरली नाही. ही तीच जुनी अडचण होती.

भारतातील वळण

भारतात हा विचार वेगळ्या वाटेने आला. लंडनच्या इंडिया हाउसमध्ये सावरकरांच्या सहवासात राहिलेले आणि १९२० साली ताश्कंदमध्ये भारतीय कम्युनिस्ट पक्षाच्या स्थापनेत भाग घेतलेले एम. पी. टी. आचार्य पुढे अराज्यवादी झाले. १९३५ साली ते मुंबईला आले आणि १९५४ साली याच शहरात हलाखीत वारले. मुंबईला त्यांची आठवण नाही. याहून अधिक परिणाम झाला तो गांधीजींच्या वळणाचा. १९१६ साली बनारस हिंदू विश्वविद्यालयातील भाषणात त्यांनी आपण स्वतः अराज्यवादीच आहोत, पण निराळ्या जातीचे, असे सांगून व्यासपीठावरील संस्थानिकांना अस्वस्थ केले होते. हिंसा ज्या राज्याच्या मुळाशी आहे ते राज्य जितके कमी तितके बरे, ही त्यांची धारणा अखेरपर्यंत टिकली.

विनोबांनी तिला शासनमुक्तीचे नाव दिले. १९५१ साली पोचमपल्लीत भूदान सुरू झाले आणि पुढे ग्रामदान आले. कायद्याची सक्ती नाही, बंदूक नाही. केवळ मागणे आणि देणे. चाळीस लाखांहून अधिक एकर जमीन दानात मिळाली असे सांगितले गेले. परंतु तीतली बरीचशी नापीक, वादात अडकलेली किंवा कधीच वाटली न गेलेली निघाली. संमतीच्या मार्गालाही तलाठ्याचे दप्तर लागते, हा अनुभव येथे आला. आणि १९७५ साली आणीबाणीत विनोबांचा ‘अनुशासन-पर्व’ हा शब्द सरकारी प्रचाराने भिंतीभिंतींवर रंगवला. शासन सत्ताधाऱ्यांचे आणि अनुशासन आचार्यांचे, असा खुलासा त्यांनी केला. पण तोवर शासनमुक्तीच्या भाष्यकाराचा शब्द शासनाने आपल्या पदरी बांधला होता. सत्तेपासून दूर राहणाऱ्याला सत्ता दूर राहू देतेच असे नाही.

बाबासाहेबांचा आक्षेप

अराज्यवादावरचा सर्वांत भेदक आक्षेप युरोपातील कोणा पंडिताने घेतलेला नाही. तो महाराष्ट्रातून आलेला आहे. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी, घटनात्मक मार्ग खुले झाल्यानंतर सत्याग्रह आणि कायदेभंग यांसारखे मार्ग म्हणजे अराजकाचे व्याकरण होय, असा इशारा दिला. त्यापूर्वी वर्षभर आधी त्यांनी भारतीय खेड्याचे गौरवीकरण करणाऱ्यांनाही फटकारले होते. या दोन विधानांचा एकत्र विचार केला पाहिजे. राज्य बाजूला सरले तर खेड्यात काय उरते? परस्पर साहाय्य उरते, असे क्रपोटकिन म्हणेल. जात उरते, असे बाबासाहेबांनी सांगितले. पाणवठा बंद करण्यासाठी, वाळीत टाकण्यासाठी, लग्न मोडण्यासाठी आणि दंड वसूल करण्यासाठी खेड्याला पोलिसांची गरज कधीच लागली नाही. महाराष्ट्राला २०१६ साली सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा करावा लागला, तो जातपंचायतींच्या अशाच बिनसरकारी सरकारांमुळे. दुर्बळाच्या दृष्टीने दूरचे राज्य हे कित्येकदा जवळच्या समाजापेक्षा कमी जाचक असते.

हा आक्षेप निरुत्तर करणारा वाटतो. परंतु महाडचा इतिहास पाहिला तर चित्र पुरे होते. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा ठराव मुंबई कायदे कौन्सिलने १९२३ साली केला होता. १९२४ साली महाड नगरपालिकेने चवदार तळे खुले केल्याचे जाहीर केले होते. राज्य बोलले होते. तरी २० मार्च १९२७ पर्यंत त्या तळ्याचे पाणी ओंजळीत आले नाही. ते आले, ते हजारो माणसे स्वतःच्या पायांनी तळ्यावर चालत गेली तेव्हा. त्यानंतर हल्ले झाले, दिवाणी दावा झाला आणि १९३७ साली उच्च न्यायालयाचा निकाल अस्पृश्यांच्या बाजूने लागला. लोकांवाचून कायदा मुका राहिला होता. कायद्यावाचून लोकांचे पाऊल टिकले नसते.

येथेच अराज्यवादाचा प्रश्न आणि बाबासाहेबांचे उत्तर यांची गाठ पडते. कोणतीही सत्ता समर्थनावाचून चालू नये, हे तत्त्व मान्य केले तर ते जातीलाही लागू पडते आणि जातीविरुद्ध उभ्या राहणाऱ्या राज्यालाही. राज्य हवे, कारण समाजातील खासगी सत्तांना जाब विचारणारा कोणी हवा. आणि राज्यालाही जाब विचारणारे हवेत, कारण ते नसतील तर काय होते, हे रशियाने १९२१ मध्ये आणि भारताने १९७५ मध्ये पाहिले. गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा (लेखा) हे गाव सर्वसहमतीने निर्णय घेते आणि आपल्या गावात आपणच सरकार असे सांगते. २००९ साली त्याला जंगलावरील सामूहिक हक्क मिळाला, तो संसदेच्या २००६ च्या कायद्याने. स्वतःचे सरकार स्वतः होऊ पाहणाऱ्या गावालाही कायद्याचा आधार घ्यावा लागला. परंतु तो कायदा कागदावरून उतरला, कारण निर्णय घेण्याची सवय त्या गावाने आधीच लावून घेतली होती.

राज्यसंस्थेचा पर्याय म्हणून अराज्यवाद हरला, आणि तो पुन्हा उभा राहील असे दिसत नाही. त्याचा प्रश्न मात्र हरलेला नाही. राज्य ही काही मुंबई-दिल्लीत वसणारी अदृश्य वस्तू नाही. दाखल्यासाठी खेटे घालायला लावणाऱ्या टेबलावर ती असते, प्रश्न विचारणाऱ्या विद्यार्थ्याला खाली बसवणाऱ्या वर्गात ती असते, आणि वरून आलेला हुकूम खाली ढकलणाऱ्या प्रत्येक सहीत असते. ही सत्ता कशासाठी आणि कोणाच्या संमतीने, असे त्या टेबलाच्या दोन्ही बाजूंच्या माणसांनी अधूनमधून विचारले, तरी शिकागोच्या चौघांचे ऋण थोडे फिटेल. १ मेच्या सुटीत संचलन पाहावे, मोर्चातही जावे. आणि दुसऱ्या दिवशी कचेरी उघडल्यावर हा प्रश्न बरोबर न्यावा.